चांगदेवांचा वाघ आणि कालव्याचा बिबट्या

पुणतांबा म्हटलं की आपल्यापैकी बहुतेकांना १ जून २०१७ ला सुरू झालेला शेतकरी संप आठवतो (आणि दुधाच्या पिशवीसाठी केलेली वणवण!). रेल्वेने शिर्डीला जाणाऱ्यांना दौंड-मनमाड मार्गावरचं जंक्शन म्हणून माहीत असेल. पण गावाची जुनी ओळख म्हणजे गोदाकाठची चांगदेवांची समाधी. तेच चांगदेव, जे वाघावर बसून ज्ञानेश्वरांच्या भेटीला निघाले आणि समोरून भिंत चालत आली. लहानपणी ही गोष्ट ऐकताना सगळं लक्ष त्या भिंतीकडे असायचं. वाघाची चौकशी कुणीच करत नाही.

आज या भागात कुणी "वाघ आला" म्हणालं तर तो बिबट्या असतो, आणि तो उसातून येतो. टीव्हीवर लगेच "जंगलातून वाट चुकून मानवी वस्तीत" अशी पट्टी फिरायला लागते. मला हे वाक्य पटत नाही. पुणतांब्याच्या आसपास वाट चुकावी असं जंगल आहे कुठे? सह्याद्रीचे डोंगर राहिले तिकडे अकोले तालुक्यात. हा प्राणी इथे कसा आला ते कळायला शंभर वर्षं मागे जावं लागतं.

गोदावरी आणि प्रवरा यांच्यामधला हा पट्टा पर्जन्यछायेतला. बाजरी, ज्वारी, आणि उरलेलं माळरान. अशा माळावर काळवीट, चिंकारा, धनगरांच्या मेंढ्या आणि त्यांच्या मागावर लांडगा. लांडग्याला मोकळं रान लागतं, तो पळून पळून शिकार करतो. बिबट्याचं बरोबर उलटं. त्याला लपायला आडोसा हवा, दबा धरून बसायला. माळावर तो काय करणार?

मग पाणी आलं. १८९६-९७ आणि १८९९-१९०० च्या दुष्काळांनी दख्खन पोळून निघाल्यावर इंग्रज सरकारने कालव्यांची कामं जोरात घेतली. दारणा धरण १९१६ मध्ये झालं. नांदूर मधमेश्वरच्या बंधाऱ्यापासून गोदावरीचे डावा आणि उजवा असे दोन कालवे निघाले. तिकडे प्रवरेवर भंडारदरा १९२६ मध्ये पूर्ण झालं. पाण्यामागून ऊस आला, उसामागून कारखाने. पुणतांबा भागातला एक खासगी कारखाना तर चांगदेवांच्याच नावाचा! पुढे १९५० च्या सुमारास विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी प्रवरानगरला सहकारी कारखाना उभा केला. ही कथा आपण अर्थकारणाची आणि राजकारणाची म्हणून वाचत आलो. ती प्राण्यांचीही आहे, हे मात्र कुठल्या पुस्तकात फारसं येत नाही.

इथे थोडा इकॉलॉजीचा क्लास. चार्ल्स एल्टन नावाच्या इंग्रज शास्त्रज्ञाने १९२७ मध्ये मांडलं की प्राणी कुठे राहतो एवढंच बघू नका, त्या समाजात तो काम काय करतो ते बघा. म्हणजे गावात जसा पाटील, कुंभार, न्हावी, तसा रानात प्रत्येकाचा हुद्दा. आपल्या भाषेत सांगायचं तर इंटरफेस ठरलेला असतो, इम्प्लिमेंटेशन बदलू शकतं :) मोठ्या शिकाऱ्याची पोस्ट माळरानावर लांडग्याकडे होती. माळ गेला, लांडगा गेला, पण पोस्ट रद्द झाली नाही. तिची पात्रता बदलली.

आडसाली ऊस सोळा-अठरा महिने शेतात उभा असतो. पुरुषभर उंच, आत गारवा, कडेने पाणी. बिबट्याची मादी तीन-साडेतीन महिन्यांत विते, म्हणजे एका पिकाच्या मुदतीत पिल्लं होऊन हिंडती-फिरतीही होतात. आत उंदीर, घुशी, रानडुकरं. आणि बाहेर, वस्तीच्या उकिरड्यावर, कुत्री.

कुत्र्यांचा मुद्दा महत्त्वाचा. विद्या अत्रेय आणि सहकाऱ्यांनी अकोले परिसरात केलेला अभ्यास २०१३ मध्ये प्रसिद्ध झाला. चौरस किलोमीटरला ३०० हून जास्त माणसं राहतात अशा शेतीच्या मुलखात, १०० चौरस किलोमीटरमध्ये साधारण ५ प्रौढ बिबटे आणि जवळपास तितकीच तरसं निघाली. २०१४ चा पुढचा निबंध तर अजून मजेशीर. बिबट्याच्या खाण्यात वजनाने ८७ टक्के पाळीव किंवा गावातलेच प्राणी, आणि त्यात एकट्या कुत्र्यांचा वाटा ३९ टक्के. शेळ्या कुत्र्यांच्या सातपट असूनही त्यांचा वाटा फक्त ११ टक्के, कारण शेळी रात्री गोठ्यात बांधलेली असते आणि कुत्रं मोकळं. तरस मेलेली जनावरं उरकतं. म्हणजे शिकारी आणि सफाई कामगार दोघेही ड्यूटीवर हजर. ही जंगलाची गळती नव्हे, चालू असलेली व्यवस्था आहे.

ती न ओळखल्याची किंमत जुन्नरने मोजली. २००१ ते २००३ या काळात तिथले बिबटे पकडून लांब जंगलात नेऊन सोडले. माणसांवरचे हल्ले आधी वर्षाला सरासरी ४ होते, ते १७ वर गेले. अनोळखी मुलखात सोडलेला बिथरलेला प्राणी एकीकडे, आणि दुसरीकडे रिकाम्या झालेल्या जागेवर नवा बिबट्या.

अर्थात हिंजवडीत बसून "सहजीवन" म्हणणं सोपं आहे. २०२५ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात शिरूर तालुक्यातल्या पिंपरखेड परिसरात तिघांचा जीव गेला. त्याच नोव्हेंबरात कोपरगाव तालुक्यातही बळी गेले, म्हणजे पुणतांब्याच्या अगदी शेजारी. ज्यांच्या घरातलं माणूस गेलं त्यांनी बंदुकीची मागणी केली तर त्यांना एल्टन वाचून दाखवायला मी जाणार नाही. पण बंदुकीने एक बिबट्या जातो, ऊस आणि उकिरडा तिथेच राहतो. वस्तीजवळचा कचरा उचलणं, गोठ्याला दार लावणं आणि शेतीपंपाला दिवसा वीज देणं (म्हणजे पाणी धरायला रात्री एकट्याने जायला नको) ही कामं कंटाळवाणी आहेत. पट्टी फिरवण्याजोगी तर अजिबात नाहीत.

सगळ्यात उघड्यावर असतो तो ऊसतोड कामगार. बीडकडून आलेलं कुटुंब, फडाच्या कडेला कोपी, आत निजलेली पोरं. तोडणी चालू असताना सरीत बिबट्याची पिल्लं सापडतात. मग कोयते थांबतात, वनखात्याचे लोक येतात, आणि संध्याकाळी पिल्लं क्रेटमध्ये घालून सापडली त्याच जागी ठेवतात. बऱ्याचदा रात्रीतून मादी येते, एकेक पिल्लू तोंडात धरून शेजारच्या उभ्या उसात नेते. सकाळी क्रेट रिकामा असला की राहिलेल्या फडाची तोडणी पुन्हा सुरू होते.