यलोस्टोन (वाफनौका)

यलोस्टोन ही उत्तर अमेरिकेतील मिसूरी नदीवर केसाळ कातड्यांच्या व्यापारासाठी चालवलेली वाफनौका होती. अमेरिकन फर कंपनीसाठी ती केंटकीतील लुईव्हिल येथे बांधण्यात आली. तिच्या दोन्ही बाजूंना मोठी वल्हचक्रे होती.

तत्पूर्वी कंपनीचा माल सपाट तळाच्या नावांमधून जात असे. काठावरून चालणारी माणसे दोरखंडाने नाव प्रवाहाविरुद्ध ओढत. वरच्या ठाण्यांपर्यंत पोहोचण्यातच हंगाम सरे. सेंट लुईस येथील व्यापारी पिएर शुतो (धाकटा) यांनी वाफनौकेचा आग्रह धरला, तो यामुळेच. १८३१ च्या पहिल्या सफरीत नौका आजच्या दक्षिण डकोटातील फोर्ट टेकमसेपर्यंत गेली. १८३२ मध्ये ती यलोस्टोन नदीच्या मुखाजवळील फोर्ट युनियनला पोहोचली. तेथवर गेलेली ती पहिली वाफनौका होय. उथळ पात्र, सरकते वाळूचे दांडे आणि पाण्यात रुतलेले ओंडके यांमुळे नौका वारंवार अडे. बाष्पकासाठी काठावरची झाडे सतत तोडावी लागत.

तिचे खरे महत्त्व वेगापेक्षा वहनक्षमतेत आहे. बीव्हरची कातडी हलकी व मौल्यवान. गव्याची (बायसनची) मात्र जड व तुलनेने स्वस्त. वाफनौकेमुळे गव्याची कातडी मोठ्या प्रमाणावर खाली आणणे परवडू लागले आणि त्यांच्या शिकारीला जोर चढला.

१८३२ च्या सफरीत चित्रकार जॉर्ज कॅटलिन, तर १८३३ मध्ये जर्मन राजपुत्र माक्सिमिलियान आणि स्विस चित्रकार कार्ल बोडमर तिच्यातून निघाले. फोर्ट पिएरनंतर या दोघांनी असिनिबॉइन या दुसऱ्या नौकेने पुढचा प्रवास केला. कॅटलिन व बोडमर यांनी मंडन लोकांची चित्रे काढली. १८३७ मध्ये कंपनीच्याच सेंट पीटर्स या नौकेबरोबर देवीची साथ वर गेली आणि मंडन समाज जवळजवळ नष्ट झाला. त्यामुळे ही चित्रे आज अमोल दस्तऐवज ठरली आहेत. खुद्द यलोस्टोनवरही १८३३ च्या उन्हाळ्यात पटकीने अनेक खलाशी दगावले होते.

पुढे नौका टेक्सासमध्ये गेली. एप्रिल १८३६ मध्ये सॅम ह्यूस्टन यांनी ती ताब्यात घेऊन आपले सैन्य ब्राझोस नदीपार नेले. त्यानंतर थोड्याच दिवसांत, २१ एप्रिलला, सॅन जसिंटोची लढाई झाली. त्याच वर्षी डिसेंबरात स्टीफन ऑस्टिन यांचे पार्थिव दफनासाठी याच नौकेने नेण्यात आले.