खोरासानची मांजर, वऱ्हाडचा उन्हाळा

वरवट बकालच्या पंचक्रोशीत पशुधन पर्यवेक्षक म्हणून माझी सारी नोकरी बैल, म्हशी आणि बकऱ्यांत गेली. फऱ्या-घटसर्पाच्या लसी, लाळ्या-खुरकूत, अडलेली गाय. मांजर कोणी दाखवायला आणत नसे. ती उंदीर मारून पोट भरायची आणि आजारी पडली की कोपरा धरायची. अलीकडं पोरं पुण्याहून, नागपूरहून पर्शियन मांजरं आणू लागली. मी निवृत्त झालो तरी लोक जाळीच्या टोपल्या घेऊन माझ्या ओसरीवर येतात. "भाऊ, हिले सर्दी झाली काय? लय घोरते," हा पहिला प्रश्न ठरलेला. सर्दी नसते. नाकपुड्याच चिमटलेल्या असतात. त्या तशा का झाल्या, हे मांजर विकणारा सांगत नाही, म्हणून मी सांगतो.

लांब केसांच्या या मांजरीची आपल्या मुलखाशी ओळख जुनी आहे. पिएत्रो देल्ला वाल्ले हा रोमचा प्रवासी १६२० साली इस्फहानला होता. तिथून धाडलेल्या पत्रात त्यानं खोरासानच्या राखी-निळसर, रेशमी केसांच्या मांजरांचं वर्णन केलं आहे. झुपकेदार लांब शेपटी खारीसारखी पाठीवर वळवलेली, स्वभाव अगदी गरीब. त्यांच्या चार जोड्या त्याला मायदेशी न्यायच्या होत्या. त्याच पत्रात तो सांगतो, की पोर्तुगीजांनी ही मांजरं इराणहून हिंदुस्थानात नेली आहेत. पोर्तुगीजांचं इथलं मुख्य ठाणं गोवा, आणि १६२३ मध्ये देल्ला वाल्ले स्वतःही गोव्यात आला.

दुसरी साक्ष माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनची. खडकीच्या लढाईमुळं तो आपल्याला ठाऊक आहे. पुण्याला रेसिडेंट होण्याआधी, १८०९ साली, तो पेशावरला काबूलच्या शाहशुजाकडं वकील म्हणून गेला होता. त्या मुलखावरचं त्याचं पुस्तक १८१५ मध्ये लंडनला निघालं तेव्हा तो पुण्यातच होता. त्यात घोड्या-उंटांबरोबर त्यानं मांजरंही सोडली नाहीत. लांब केसांची 'बुराक' मांजरं अफगाण मुलखातून मोठ्या संख्येनं बाहेर जातात, जिथं तिथं ती इराणी म्हणून खपतात, पण खुद्द इराणात ती फारशी नाहीत आणि तिथून बाहेर जवळजवळ जातच नाहीत, असं तो लिहितो. पेशवाई बुडवणाऱ्या या माणसावर मराठी माणसानं जीव टाकावा असं काही नाही, पण जनावराकडं इतक्या नीट नजरेनं बघणाऱ्याची नोंद मी मान देऊन वाचतो. खोरासान काय आणि काबूल काय, दोन्हीकडं हिवाळ्यात बर्फ पडतं. त्या थंडीत अंगावरच्या केसांना काम होतं.

चेहरा मात्र तिथला नाही. १३ जुलै १८७१ रोजी लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये हॅरिसन वेअरनं मांजरांचं मोठं प्रदर्शन भरवलं आणि वंशावळ ठेवून मांजर पैदा करण्याची चढाओढ तिथून वाढली. त्या काळच्या चित्रांतल्या पर्शियनला चांगलं सरळ नाक आहे. पुढं अमेरिकेत, विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात, चपट्या तोंडाचीच निवडून निवडून पैदास झाली आणि नाक पार डोळ्यांच्या रांगेत जाऊन बसलं. २००८ मध्ये कॅलिफोर्नियात लेस्ली लायन्स आणि सहकाऱ्यांनी जनुकं तपासली, तेव्हा आजची पर्शियन पश्चिम युरोपच्या मांजरांच्या जवळची निघाली. आपल्या बाजारात डॉल फेस, सेमी पंच, पंच फेस अशी प्रतवारी चालते. तोंड जितकं चपटं, तितका भाव जास्त. मला हे साफ चुकीचं वाटतं. त्या चपटेपणानं श्वास कोंडतो, अश्रूंची नळी दुमडते आणि डोळ्यांतून पाणी गळून गालावर तपकिरी डाग पडतात. ते रोज ओल्या मऊ कापडानं पुसावे लागतात. घ्यायचीच असेल तर डॉल फेस घ्या.

आमच्याकडं मे महिन्यात पारा पंचेचाळिशीला टेकतो आणि वीज जाते. मांजर तोंड उघडून धापा टाकू लागली, तर थांबू नका: ओल्या फडक्यानं पंजे, पोट पुसा आणि दवाखाना गाठा. पोटाखालचे केस उन्हाळ्यापुरते आखूड करायला हरकत नाही. बाकी दिवसांत स्टीलच्या कंगव्यानं रोज विंचरायचं, बगलेत आणि मांडीत आधी. वेचणीच्या दिवसांत घरात कापसाचा ढीग असतो. गावठी मांजर त्यावर झोपून उठते, अंग झटकते, मोकळी होते. पर्शियनच्या केसांत मात्र सरकीसकट कापूस अडकतो. मी अशी एक गुठळी बोथट कात्रीनं काढली, तर खाली कातडी लाल झालेली होती आणि मधोमध पऱ्हाटीचं वाळलं पान.

स्वभाव अजूनही देल्ला वाल्लेनं लिहिला तसाच. बारीक आवाज, उड्या कमी, ठरलेली जागा, ठरलेली वेळ. घरात पाहुण्यांचा गोंधळ झाला, की ती खाणं सोडते.

माळकरी घरांत अडचण खाण्याची होते. दूध-पोळीवर मांजर जगवता येत नाही. टॉरिन नावाचं द्रव्य तिला मांसातूनच मिळतं. ते कमी पडलं तर डोळे जातात, आणि हृदय कमजोर होतं हे १९८७ मध्ये सिद्ध झालं. घरात मांस चालत नसेल, तर टॉरिन घातलेलं तयार खाद्य आणा. तेही चालत नसेल, तर मांजर आणू नका.

आणखी एक, हात जोडून सांगतो. म्हशीच्या गोचिडांचं औषध मांजरीला लावू नका. त्यातलं पर्मेथ्रिनसारखं द्रव्य तिच्या शरीराला पचवता येत नाही. ती थरथरते, झटके येतात, मरते. माणसाची पॅरासिटामॉलची गोळीही तशीच जीवघेणी.

या जातीला किडनीचा एक वारसा आहे. एका सदोष जनुकामुळं किडनीत पाण्याच्या गाठी वाढत जातात, आणि तो दोष आई किंवा बाप, एकाकडून आला तरी पुरतो. वेगवेगळ्या देशांत तपासलेल्या पर्शियन मांजरांत तिसऱ्या हिश्श्याच्या वर त्या सापडल्या आहेत. २००४ मध्ये ते जनुक हाती लागलं, आता गालाच्या आतून बोळा फिरवून तपासणी होते. पिल्लू घेताना आईबापांच्या त्या तपासणीचा कागद मागा. कागद नसला तर पिल्लू दहा महिन्यांचं झाल्यावर सोनोग्राफी करून घ्या, आणि गाठी निघाल्या तर त्याची पिल्लं होऊ देऊ नका.