टोरस : उशी, वेटोळे आणि चुंबळ

भूमितीच्या पुस्तकात ‘टोरस’ हा शब्द भेटतो तेव्हा त्याच्या शेजारी बहुधा मेदूवड्यासारखे एक चित्र असते. व्याख्याही नेटकी असते. एक वर्तुळ घ्यावे, ते त्याच्याच प्रतलातल्या पण त्याला न छेदणाऱ्या एका अक्षाभोवती पूर्ण फिरवावे. जो पृष्ठभाग तयार होतो तो टोरस. हा शब्द याच आकारासाठी घडवला असावा, असे त्यावरून वाटते. मात्र वनस्पतिशास्त्राचे पुस्तक उघडले तर फुलाच्या बुडाला टोरस म्हटलेले दिसते. दंतवैद्यकात टाळूच्या मध्यावर असणारा हाडाचा उंचवटा टोरस असतो. वास्तुशास्त्रात खांबाच्या पायथ्याचा फुगीर कंगोरा टोरस असतो. फुलाच्या बुडाला भोक नाही, टाळूच्या उंचवट्याला भोक नाही, आणि खांबाच्या कंगोऱ्याच्या मध्यात दगड भरलेला असतो. भोकावाचून ज्याची कल्पनाच करता येत नाही अशा आकाराला हे नाव मिळाले कसे?

उत्तर लॅटिन भाषेत आहे. तिथे ‘टोरस’ म्हणजे उशी, गादी, बसण्या-निजण्याचे आसन. दोरावरची जाड गाठ. दंडावर टरारून उठलेला स्नायू. या सगळ्यांत समान आहे तो फुगवटा. शब्द मुळात फुगवट्याचा आहे, पोकळीचा नव्हे. पुढे प्रत्येक व्यवसायाने या उशीकडे आपल्या गरजेप्रमाणे पाहिले आणि तिचा एकेक गुण उचलला.

पहिला मान पाथरवटाचा. इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकात रोमन वास्तुतज्ज्ञ व्हिट्रुव्हियस याने खांबाच्या ‘अ‍ॅटिक’ पायथ्याची रचना नोंदवली : तळाशी चौकोनी पाट, त्यावर एक टोरस, मग आत गेलेली खोबण, वर पुन्हा एक टोरस आणि त्यावर खांब. हे दगड पाहताना वाटते की खांबाखाली कुणी उशी सरकवली आहे आणि भाराने ती बाहेर फुगली आहे. प्रत्यक्षात दगड दबत नाही, पण भार खाली उतरतो आहे हे डोळ्याला पटते. इन्सुलीहून बांदा ओलांडले की गोव्याची हद्द लागते आणि पुढे जुन्या गोव्यात या युरोपीय परंपरेचे खांब आजही उभे आहेत. तिथल्या सोळाव्या शतकातल्या रोझरी मातेच्या चर्चवर पोर्तुगीज मॅन्युएल शैलीत दोराच्या पिळासारखे जाड कंगोरे दगडात कोरलेले आहेत. लॅटिन शब्दातली दोराची गाठ समुद्रमार्गे आपल्या शेजारी येऊन दगडात बसली, असे म्हणता येईल.

आपल्या शिल्पशास्त्राने हाच कंगोरा स्वतंत्रपणे घडवला आणि त्याला फुलाचे नाव दिले. दाक्षिणात्य मंदिराच्या अधिष्ठानात, म्हणजे जोत्यात, ‘जगती’च्या वर येणारा गोल फुगीर थर तो ‘कुमुद’. कुमुद म्हणजे रात्री उमलणारे पांढरे कमळ. ‘मयमत’, ‘मानसार’ यांसारख्या ग्रंथांत या थरांची मापे दिलेली आहेत. रामराज यांनी या ग्रंथांचा अभ्यास करून लिहिलेला इंग्रजी प्रबंध १८३४ मध्ये लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीने प्रसिद्ध केला. त्यात भारतीय थरांची ग्रीक-रोमन थरांशी तुलना होती. मात्र अशा तुलनेत एक अडचण राहतेच. कुमुद नेहमी गोल नसतो. काही देवळांत तो पैलूदार असतो. तेव्हा प्रत्येक गोल टोरसला कुमुद म्हणता येईल, पण प्रत्येक कुमुदाला टोरस म्हणता येणार नाही.

दुसरी गंमत ‘कर्णिका’ या शब्दाची. संस्कृतात कर्णिका म्हणजे कानातला दागिना, आणि कमळाच्या मध्यभागी बिया धरून ठेवणारा गादीसारखा भागही कर्णिकाच. आधुनिक वनस्पतिशास्त्र फुलाच्या ज्या भागाला टोरस म्हणते, तोच हा. मात्र उत्तरेकडच्या मंदिरशैलीत जोत्यावरच्या धारदार कडेच्या थरालाही कर्णिका किंवा कणी म्हणतात. अंबरनाथच्या १०६० सालच्या शिवालयापासून पुढे महाराष्ट्रातील दगडी देवळांच्या जोत्यांवर असे आडवे थर पाहता येतात. म्हणजे फुलातली कर्णिका हा टोरस आहे, दगडातली कर्णिका टोरसच्या अगदी उलट आहे. आणि दगडातला टोरस म्हणजे कुमुद, जे पुन्हा फूलच आहे. ‘टोरस बरोबर अमुक’ असे एकच समीकरण मांडून जो भाषांतर करायला बसेल, त्याची इथे हमखास फसगत होईल.

वनस्पतिशास्त्रज्ञांनी उशीचा दुसरा गुण घेतला : तिच्यावर बसता येते. पाकळ्या, पुंकेसर, बीजकोश हे सारे देठाच्या ज्या फुगीर टोकावर बसलेले असतात ते टोरस. त्याचे दुसरे नाव ‘थॅलॅमस’. या ग्रीक शब्दाचा अर्थ निजण्याची खोली. मराठीत त्याला पुष्पासन म्हणतात. लॅटिनने गादी पाहिली, ग्रीकने शय्यागृह पाहिले, मराठीने आसन पाहिले. इथे भाषांतर जमले, कारण शब्दाचे नव्हे, तर पाहण्याचे भाषांतर झाले. महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी खाताना आपण जो लाल गर खातो तो फुगलेले पुष्पासनच असतो. खरी फळे म्हणजे त्याच्या सालीवरचे बारीक दाणे.

सूचिपर्णी वृक्षांच्या लाकडातही एक सूक्ष्म टोरस असतो. पाणी वाहणाऱ्या शेजारशेजारच्या पेशींमध्ये छोटी दारे असतात आणि त्यांच्या पडद्याचा मधला भाग जाड झालेला असतो. एखाद्या पेशीत हवा शिरली की ही जाड चकती सरकून दार बंद करते आणि हवा पुढे पसरत नाही. शारीरशास्त्राने मात्र केवळ उंचवटा घेतला. घशाच्या वरच्या भागात, कानाकडे जाणाऱ्या नळीच्या तोंडाशी असलेला फुगवटाही टोरसच.

आता भूमितीकडे वळू. आकार तिथे फार जुना आहे, पण त्याचे नाव वेगळे होते. ग्रीक भूमितिकार त्याला ‘स्पेइरा’ म्हणत. स्पेइरा म्हणजे वेटोळे : सापाचे, दोराचे. याच शब्दाचे लॅटिन रूप ‘स्पायरा’ व्हिट्रुव्हियसने खांबाच्या संपूर्ण पायथ्यासाठी वापरले. म्हणजे पाथरवट आणि भूमितिकार यांची शब्दांची देवाणघेवाण तेव्हाही चालूच होती. इसवी सनापूर्वीच्या चौथ्या शतकात आर्किटस याने दिलेल्या घनाच्या दुप्पट आकारमानाचा घन काढण्याचा प्रश्न सोडवला. त्यासाठी त्याने शंकू, दंडगोल आणि हे वेटोळे एकमेकांना छेदवले. विशेष म्हणजे त्याने अर्धवर्तुळ त्याच्या व्यासाच्या टोकाभोवती फिरवले होते. त्यामुळे त्याच्या आकृतीत मध्ये भोक उरलेच नव्हते. पर्सियस नावाच्या ग्रीक गणितीने या वेटोळ्याचे सपाट छेद घेऊन मिळणाऱ्या वक्रांचा अभ्यास केला. पाचव्या शतकातल्या प्रोक्लसने या आकाराचे तीन प्रकार सांगितले : मध्ये मोकळी जागा असलेला, मध्यबिंदूशी नेमका मिटणारा आणि स्वतःलाच छेदणारा. भोक हे या आकाराचे अनेक रूपांपैकी एका रूपाचे लक्षण होते.

१६१५ मध्ये योहानेस केप्लरने दारूच्या पिंपांच्या मापनावर पुस्तक लिहिले. त्यात कड्याचे आकारमान काढण्याची युक्ती आहे. दिवाळीच्या दिवसांत ती पोळपाटावर करून पाहता येते. भाजणीची १ सेंटिमीटर जाडीची, सुमारे १८.८५ सेंटिमीटर लांबीची वळी केली आणि टोके जुळवून कडबोळे केले, तर मधल्या वर्तुळाची त्रिज्या ३ सेंटिमीटर येते. बाहेरची बाजू जितकी ताणते तितकीच आतली दबते. म्हणून कडबोळ्याचे आकारमान त्या सरळ वळीइतकेच, सुमारे १४.८ घन सेंटिमीटर राहते. छेदाचे क्षेत्रफळ गुणिले मधल्या वर्तुळाचा परीघ, एवढेच ते सूत्र.

इंग्रज गणिती या आकाराला बराच काळ ‘अँकर रिंग’ म्हणत, म्हणजे नांगराला दोर बांधण्याचे कडे. एकोणिसाव्या शतकात फ्रेंच भूमितीतून आलेले ‘तोर’ म्हणजेच टोरस हे वास्तुशास्त्रातले नाव तिथे स्थिरावले. त्यानंतर संस्थितीचा, म्हणजे टोपॉलॉजीचा, विचार वाढला आणि उशीचा फुगवटा मागे पडून भोक पुढे आले. आकार हवा तसा ताणला-दाबला तरी भोकांची संख्या बदलत नाही, हे या शास्त्राचे मर्म. त्यामुळे चहाचा कप आणि कडबोळे एकाच जातीचे ठरतात. कपाचा ‘कान’ हेच त्याचे एकमेव भोक. चटई गुंडाळून नळी केली आणि नळीची दोन टोके जोडली की टोरस होतो. तेव्हा काटेकोरपणे पाहता टोरस म्हणजे कडबोळ्याची फक्त साल. आतला ऐवज त्यात धरलेला नाही. गांधीनगरच्या प्लाझ्मा संशोधन संस्थेत १९८९ मध्ये सुरू झालेल्या ‘आदित्य’ या टोकामॅक यंत्राची पोकळीही याच आकाराची आहे. ‘टोकामॅक’ या रशियन आद्याक्षरी नावातला ‘टो’ टोरसवरूनच आलेला. अतितप्त प्लाझ्मा सरळ नळीत ठेवला तर टोकांतून निसटेल. टोरसला टोकेच नाहीत.

या भूमितीतल्या टोरसला मराठीत काय म्हणायचे? ‘वलय’ म्हणावे तर दोन समकेंद्री वर्तुळांमधल्या सपाट पट्टीलाही वलयच म्हणतात. ‘कंकणाकृती’ म्हणावे तर तो शब्द ग्रहणाने घेतला. २६ डिसेंबर २०१९ रोजी दक्षिण भारतातून दिसलेल्या कंकणाकृती ग्रहणात डोळ्यांना दिसते ती सपाट पट्टीच. लक्षद्वीपसारखी प्रवाळबेटे कंकणद्वीपे झाली. शनीच्या वाट्याला कडी गेली. परिणामी मराठी लेखक बहुतेक वेळा ‘टोरस’ असेच लिहितो आणि विद्यार्थी तो शब्द अर्थाशिवाय पाठ करतो.

इथे इन्सुलीसारख्या गावातल्या एका वस्तूची आठवण करून द्यावीशी वाटते. मुंबई-गोवा महामार्गावर सावंतवाडी आणि बांदा यांच्यामधले हे घाटउताराचे गाव. अशा चढउताराच्या मुलखात पाण्याचे हंडे, गवताचे भारे, लाकडाच्या मोळ्या पिढ्यान्‌पिढ्या बायांच्या डोक्यावरून गेल्या, आणि डोके व भार यांच्यामध्ये होती चुंबळ. कुणाच्या बोलण्यात चुमळ. जुने लुगडे पिळून त्याचा दोर करायचा, दोराचे वेटोळे करायचे आणि टोक आत खोचायचे. डोके गोल, हंड्याचे बूडही गोल. दोन्ही एकमेकांवर ठेवले तर सगळा भार एका बिंदूवर येतो आणि हंडा डुलतो. चुंबळ तो भार एका वर्तुळावर वाटून देते आणि मधल्या भोकात हंड्याचे बूड बसते.

यात लॅटिनची उशी आहे, दोराचा पीळ आहे, ग्रीकांचे वेटोळे आहे, पाथरवटाचा भार पेलणारा फुगवटा आहे, वनस्पतिशास्त्राचे आसन आहे आणि टोपॉलॉजीचे भोकही आहे. टोरसच्या दोन हजार वर्षांच्या प्रवासात वेगवेगळ्या शास्त्रांनी वाटून घेतलेले अर्थ या एका घरगुती वस्तूत एकत्र नांदतात.

आक्षेप सहज येईल की शास्त्राला असा चिंध्यांचा शब्द शोभणार नाही. पण त्रिकोणमितीतली ‘ज्या’ म्हणजे धनुष्याची दोरी. अरबीत ती उच्चारानुसार गेली, तिथे तिचे वाचन बदलून ‘कपड्याची घडी, छाती’ असा अर्थ झाला आणि त्याचे लॅटिन भाषांतर ‘सायनस’ म्हणजे आजचा ‘साइन’. काटकोन त्रिकोणाचा कर्ण हा तर कानच. धनुष्याची दोरी आणि कान चालतात, तर चुंबळ का नको? याच जिल्ह्यातील पोंभुर्ल्याचे बाळशास्त्री जांभेकर यांनी एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात कलनशास्त्रावर मराठीत लिहिताना ‘शून्यलब्धि’ हा शब्द वापरला. तो टिकला नाही, पण शून्याजवळ जाऊन काहीतरी लाभते ही त्या शास्त्राची कल्पना त्यात उघड दिसते. १९६० मध्ये स्थापन झालेल्या भाषा संचालनालयाच्या परिभाषा कोशांनी मराठीला हजारो शब्द दिले. पण त्यांचा ओढा संस्कृतकडे राहिला आणि स्वयंपाकघरातले, पाणवठ्यावरचे शब्द बहुधा दाराबाहेर उभे राहिले.

वास्तुशास्त्रात कुमुद ठेवावा, वनस्पतिशास्त्रात पुष्पासन, शारीरशास्त्रात साधा उंचवटा. भूमितीत चुंबळ म्हणावी. चार शास्त्रांसाठी चार शब्द ही भाषेची उणीव नव्हे. एकाच शब्दात दडलेले चार वेगवेगळे अर्थ त्यामुळे मोकळे होतात.

या सूचनेला थोडी घाई आहे. घरोघर नळ आले, गॅस आला, डोक्यावरचा भार उतरला. ते चांगलेच झाले. पण त्याबरोबर चुंबळ करण्याचे काम थांबत चालले आहे, आणि वस्तू गेली की तिचे नाव एका पिढीत जाते. अजून गावोगाव अशा म्हाताऱ्या आहेत ज्या जुने लुगडे हातात दिले तर क्षणात त्याचे वेटोळे घालून टोक नेमके आत खोचतील. नववी-दहावीच्या विद्यार्थ्याने एकदा ते पाहिले, तर टोरसची व्याख्या त्याला पाठ करावी लागणार नाही.