टीव्हीवरच्या एकपात्रीचं कूळ

टीव्हीसाठीच्या एकपात्री कलाप्रयोगांचं मूळ बहुधा साठीच्या दशकाअखेरच्या जर्मनीत शोधतात. माझ्या मते ते त्याआधीचं आहे, एका अमेरिकन विनोदवीरापाशी.

१९५७च्या जानेवारीत एनबीसी वाहिनीने विनोदी नट जेरी लुईसला दीड तास देऊ केला. त्याने तासभरच घेतला. उरलेला अर्धा तास अर्नी कोव्हॅक्सला मिळाला आणि त्याने तो संवादांशिवाय उभा केला. त्याचं पात्र युजीन जेवायला बसतं, डब्यातून ऑलिव्ह काढून टेबलावर ठेवतं, तर ते घरंगळत जातं. थर्मासमधलं दूध ओतावं, तर धार कपाला चुकवून बाजूला पडते. युक्ती अशी की सेटच तिरका बांधला होता आणि कॅमेराही तेवढाच तिरका केला होता. घरच्या पडद्यावर खोली सरळ दिसे, वस्तू मात्र वेड्यासारख्या वागत. स्टुडिओत उभ्या माणसाला तिरकं टेबल दिसलंच असतं, त्याला कसलं नवल! नाटकाच्या रंगमंचावर हे जमणार नाही. मूळपुरुष कोव्हॅक्सच, असं मी म्हणते ते यासाठी.

जर्मनीत गेरी शूमने टीव्हीलाच कलादालन मानलं. १५ एप्रिल १९६९ला प्रक्षेपित झालेल्या त्याच्या ‘लँड आर्ट’ या कार्यक्रमातल्या फिल्मना निवेदनच नव्हतं. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये कोलोनच्या डब्ल्यूडीआर वाहिनीने ब्रिटिश कलावंत कीथ आर्नाटची नऊ छायाचित्रं दाखवली. एक माणूस टप्प्याटप्प्याने जमिनीत खचत जातो आणि शेवटी दिसेनासा होतो. नेहमीच्या कार्यक्रमांच्या मध्येच, दिवसागणिक, जेमतेम दोन-अडीच सेकंद. पूर्वसूचना नाही, खुलासा नाही. कोव्हॅक्सने कॅमेरा वापरला, आर्नाटने कार्यक्रमांमधली फट वापरली.

लॉस एंजेलिसच्या कलावंत क्रिस बर्डनने तर चॅनेलच्या आमंत्रणाची वाटही पाहिली नाही. त्याने जाहिरातीची वेळ विकत घेतली. १९७३च्या अखेरीस चार आठवडे, रात्री उशिरा, इतर जाहिरातींच्या रांगेत त्याचे दहा सेकंद येत: हात पाठीमागे धरून, उघड्या अंगाने फुटक्या काचांवरून सरपटणारा तो स्वतः. रिमोट सर्रास नसलेल्या त्या काळात उठून चॅनेल बदलेपर्यंत ते संपलेलंही असे. काचा खऱ्या होत्या, आणि मला अजूनही ते बघवत नाही. पण जाहिरातीच्या वेळेवर फक्त विकणाऱ्याचाच हक्क का, हा त्याचा प्रश्न रास्त होता.

१९७६च्या जाहिरातीत त्याने शरीरही बाजूला ठेवलं. पडद्यावर एकामागून एक फक्त नावं आली: लिओनार्दो दा विंची, मायकेलअँजेलो, रेम्ब्रांट, व्हॅन गॉग, पिकासो. आणि सहावं, क्रिस बर्डन.