२९ नोव्हेंबर १९७० : नागपुरात सहा चर्च एक झाली

नागपूरच्या ऑल सेंट्स कॅथेड्रलमध्ये या दिवशी, रविवारी, ‘चर्च ऑफ नॉर्थ इंडिया’ची स्थापना झाली. अँग्लिकन, बॅप्टिस्ट, ब्रदरेन, डिसायपल्स, ब्रिटिश व ऑस्ट्रेलियन परंपरेचे मेथडिस्ट आणि युनायटेड चर्च ऑफ नॉर्दर्न इंडिया अशी सहा चर्च त्यात विलीन झाली. वाटाघाटी १९२९पासून सुरू होत्या. घोडे अडले ते बिशपपदावर. येशूच्या प्रेषितांपासून अखंड चालत आलेला अधिकार बिशप डोक्यावर हात ठेवून पुढे देतो, अशी अँग्लिकनांची धारणा. इतर बहुतेक चर्चमध्ये बिशपच नव्हते. मग त्यांच्या पाळकांची आधीची दीक्षा अपुरी मानायची का? १९४७च्या चर्च ऑफ साउथ इंडियाने जुन्या पाळकांना आहे तसे स्वीकारले होते. नागपुरात मात्र सर्व परंपरांच्या पाळकांवर प्रार्थनापूर्वक हात ठेवून त्यांची सेवा एकत्र आणली गेली. कोणाचीही आधीची दीक्षा नाकारली नाही. बाप्तिस्मा बालपणी की जाणतेपणी, याबाबत दोन्ही प्रथांना मुभा राहिली. अमेरिकी परंपरेचे मेथडिस्ट मात्र ऐनवेळी बाहेर पडले.