बिब्ब्याची शाई

बिब्ब्याची शाई : बिब्ब्याच्या फळातील तेलकट, दाहक रसापासून होणारी आणि कापडावर धुऊनही न जाणारी काळी खूण उमटवणारी शाई. धोब्यांनी गिऱ्हाइकांचे कपडे ओळखण्यासाठी ती पिढ्यान्‌पिढ्या वापरली. ती लिहिताना फिकी असते आणि हवेत आपोआप काळी होते. ज्या रासायनिक गुणामुळे ती धाग्याला कायमची चिकटते, त्याच गुणामुळे ती माणसाच्या कातडीलाही भाजते. म्हणून तिचा इतिहास परटाच्या घाटाइतकाच दवाखाना, पोलीस ठाणे आणि दृष्ट काढण्याच्या विधींमध्येही सापडतो.

मूळ वृक्ष : बिब्बा (संस्कृत भल्लातक, हिंदी भिलावा, शास्त्रीय नाव सेमेकार्पस ॲनाकार्डियम) हा आंबा आणि काजू यांच्या कुळातला पानझडी वृक्ष आहे. तो साधारण 10 ते 15 मी. वाढतो आणि महाराष्ट्रातील पानझडी जंगलांत आढळतो. फांद्यांच्या टोकाला मोठी, जाड पाने झुबक्याने येतात. फळाचे दोन भाग असतात : देठाकडचा मांसल, पिकल्यावर नारिंगी होणारा भाग आणि त्यावर बसलेले काळे, चकचकीत, कठीण कवचाचे फळ. बाजारात ‘बिब्बा’ म्हणून मिळते ते हे काळे फळ. त्याच्या कवचाच्या थरांत तेल साठलेले असते. आतला मगज म्हणजे गोडंबी. ती निरुपद्रवी असून डिंकाच्या लाडवांत घालतात. विदर्भात बिब्बे फोडून गोडंबी काढण्याचे काम मुख्यतः स्त्रिया करतात. कवचातले तेल उडून हाता-तोंडावर भाजल्याच्या खुणा होणे हा या कामाचा नेहमीचा धोका आहे.

शाई करण्याची आणि वापरण्याची रीत : कच्च्या फळाच्या रसात चुना मिसळून शाई करीत. पक्के फळ असेल तर सुई किंवा काडी त्यात टोचून बाहेर आलेल्या तेलाने थेट कापडावर खूण करीत आणि वरून चुन्याची निवळी लावीत. चुना रस लवकर काळा करतो आणि डाग पक्का करतो. खूण सदऱ्याच्या कॉलरच्या आत, पायजम्याच्या नेफ्याजवळ किंवा चादरीच्या कोपऱ्याला, म्हणजे वापरताना दिसणार नाही अशा जागी असे. ठिपके, रेघा, फुल्या किंवा एखादे अक्षर यांच्या जुळणीतून प्रत्येक घराची खूण ठरे. ती ज्याच्या त्याच्या धोब्यालाच उलगडे. त्यामुळे बेवारस मृतदेहाची किंवा चोरीच्या कपड्यांची ओळख पटवायची असेल, तर पोलीस आसपासच्या धोब्यांना बोलावून खूण दाखवीत.

काळे होण्याचे कारण : काजळ आणि डिंक यांची शाई कागदावर बसते ती काजळीच्या कणांमुळे. ती लिहितानाच काळी असते आणि पाणी लागले की सुटते. हिराकस आणि हिरडा यांची शाई लिहिल्यावर हवेत गडद होते. बिब्ब्याची शाई वागते या दुसऱ्या प्रकारासारखी, पण तिला लोहाची गरज नसते. तिच्यातले मुख्य द्रव्य भिलावनॉल. त्याच्या रेणूत शेजारी-शेजारी दोन हायड्रॉक्सिल गट असलेले एक वलय आणि 15 कार्बनांची लांब साखळी असते. हवेतील ऑक्सिजनने वलयाचे रूपांतर क्विनोनमध्ये होते, रेणू एकमेकांना जोडले जातात आणि काळा, पाण्यात न विरघळणारा थर तयार होतो. जपानमधील प्रसिद्ध लाखकामासाठी वापरला जाणारा झाडाचा चीकही याच कुळातल्या वृक्षाचा असून तो याच प्रकारे कडक आणि गडद होतो.

दाह : भिलावनॉलचे क्विनोन कातडीतील प्रथिनांशीही बांधले जाते. शरीराची प्रतिकारयंत्रणा मग त्या बदललेल्या प्रथिनांवर हल्ला करते. खाज, सूज, पाण्याचे फोड असा त्रास पुष्कळदा संपर्कानंतर एक-दोन दिवसांनी उमटतो. यालाच लोक ‘बिब्बा उतला’ म्हणतात. काहींना फळ नुसते हाताळूनही तो होतो, तर काहींना फारसे काहीच होत नाही. दुसऱ्या महायुद्धात भारतात आलेल्या अमेरिकी सैनिकांना मानेच्या मागे आणि कमरेला चट्टे उठू लागले. त्यामागे कपड्यांवरच्या धोब्याच्या खुणा असल्याचे लष्करी डॉक्टरांनी 1943 मध्ये नोंदवले. शाई पूर्ण वाळलेली आणि कपडा धुतलेला असूनही ती त्रास देत होती.

न्यायवैद्यकातील स्थान : खोट्या फिर्यादीसाठी अंगावर बिब्बा लावून मार लागल्याचे वळ ‘तयार’ करण्याचे प्रकार भारतीय न्यायवैद्यकाला जुने परिचित आहेत. जयसिंग मोदी यांच्या 1920 पासूनच्या पाठ्यपुस्तकापासून ते आजपर्यंत या विषयाच्या ग्रंथांत खरा आणि खोटा वळ यांतला फरक शिकवला जातो. खरा वळ लाल-निळा होतो आणि दिवसांगणिक हिरवट, पिवळा होत विरतो. बिब्ब्याचा डाग गडद तपकिरी राहतो, कडेला बारीक फोड येतात, खाज सुटते आणि खाजवणाऱ्या बोटांनाही डाग लागतो. शिवाय तो स्वतःचा हात पोहोचेल अशाच जागी असतो.

लोकव्यवहार : आयुर्वेदात भल्लातक औषध आहे, पण विषारी मानूनच. विटेच्या भुकटीत चोळून त्याचे शोधन केल्याशिवाय तो वापरत नाहीत. खेड्यांत पायात काटा मोडला की तापवलेल्या बिब्ब्याचा चटका देण्याची रीत होती. दाहकतेमुळेच बिब्ब्याला दृष्ट परतवणारा मानले गेले. दुकानाच्या दाराला लिंबू-मिरचीच्या माळेत बिब्बा ओवतात. मालमोटारींच्या पुढेही अशा माळा दिसतात.

सद्यःस्थिती : मतदाराच्या बोटाला लावायची न पुसणारी शाई मात्र बिब्ब्याची नव्हे, सिल्व्हर नायट्रेटची असते. 1962 च्या सार्वत्रिक निवडणुकीपासून ती देशभर वापरात आली. तीही लावल्यावर उजेडात गडद होते आणि सहज निघत नाही. न पुसणाऱ्या देशी शाईचा मान बिब्ब्याला असूनही त्याचा रस या कामाला चालला नसता, कारण त्याने मतदारांची बोटे भाजली असती. कपड्यांवरील खुणांसाठी आता पक्क्या रंगाची पेने आणि क्रमांकाच्या चिठ्ठ्या आल्या आहेत. बाजारात बिब्ब्याला आज मागणी आहे ती गोडंबीसाठी, औषधासाठी आणि दृष्टीच्या माळेसाठी.