सोनगीर व खानदेशातील स्त्रिया : राजकारण आणि समाज

धुळे तालुक्यातील सोनगीर किल्ल्यासाठी व तांब्या-पितळेच्या भांड्यांसाठी प्रसिद्ध आहे. येथील स्त्रियांचे राजकीय स्थान खानदेशाच्या संदर्भातच समजते. प्रतिभाताई पाटील १९६२ मध्ये जळगावातून आमदार झाल्या. पण सामान्य बाईसाठी दार उघडले ते आरक्षणाने. ७३ व्या घटनादुरुस्तीने पंचायतींत स्त्रियांना एकतृतीयांश जागा मिळाल्या, महाराष्ट्रात २०११ पासून निम्म्या. निवडून आलेल्या बाईचा कारभार नवराच पाहतो, हा आक्षेप अनेक गावांत खरा आहे. तरीही धनादेशावर सही सरपंचबाईचीच लागते, आणि सही करता करता ती हिशेब विचारू लागते. लोकसभेत महिला आरक्षण लागू नसतानाही २०२४ मध्ये धुळे, जळगाव व रावेरमधून अनुक्रमे शोभा बच्छाव, स्मिता वाघ व रक्षा खडसे निवडून आल्या. जमिनीच्या सातबाऱ्यावर मात्र बाईचे नाव अजून विरळच, आणि खरी अडचण तिथेच आहे.